ब्रूनो मोंडीचा उजेड

जर्मनीत राहायचं आणि नाताळच्या सुट्टीत ‘सिसी’ बघायचा नाही, हे जमणं अवघड. दुकानं बंद, चार वाजताच बाहेर अंधार, आणि कुठल्या ना कुठल्या चॅनलवर रोमी श्नायडर घोड्यावरून दौडत असतेच. ऑस्ट्रियाची सम्राज्ञी एलिझाबेथ हिच्यावरचे हे तीन चित्रपट, १९५५, १९५६ आणि १९५७ सालचे. दिग्दर्शक एर्न्स्ट मारिश्का. पहिला प्रदर्शित झाला तेव्हा रोमी सतरा वर्षांची होती. आमच्या श्टुटगार्टच्या इमारतीतल्या शेजारच्या आजींना त्यातले संवाद पाठ आहेत. नवीन आले तेव्हा भाषा कानावर पडावी म्हणून मी त्यांच्याकडे जाऊन बसायचे. त्या विणकाम करायच्या आणि पडद्यावरच्या माणसाच्या आधी त्याचं वाक्य म्हणून टाकायच्या.

चित्रपट गोग्गोड आहे, यात वाद नाही. बाड इश्लला मासे पकडायला गळ टाकून बसलेल्या सिसीच्या गळाला थेट सम्राटाचा कोट अडकतो, असा सगळा मामला. पण दिसतो मात्र देखणा. निळे डोंगर, राजवाड्यातले पांढरे-सोनेरी दिवाणखाने, रोमीच्या गालावरचा तो दुपारचा उजेड. कथेत काही घडत नसलं तरी डोळे पडद्यावरून हलत नाहीत. असं झालं की मी श्रेयनामावलीत कॅमेरामनचं नाव शोधते. सवयच आहे. इथे नाव होतं ब्रूनो मोंडी.

हे नाव मी आधी एकदा वाचलं होतं, ‘यूड झ्यूस’ या १९४० सालच्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत.

‘यूड झ्यूस’ टीव्हीवर लागत नाही. जर्मनीत काही नाझीकालीन चित्रपट ‘राखीव’ यादीत आहेत. आधी कुणी जाणकाराने प्रास्ताविक करायचं आणि शेवटी चर्चा घ्यायची, तरच ते लोकांना दाखवता येतात. मी तो तसाच पाहिला, पाठ दुखवणाऱ्या खुर्चीत बसून. श्टुटगार्टकरांना त्याचं एक जास्तीचं ओझं आहे, कारण गोष्ट इथलीच. योझेफ झ्यूस ओपनहायमर हा व्युर्टेम्बर्गच्या ड्यूकचा ज्यू खजिनदार. ड्यूक वारल्यावर दरबाऱ्यांनी सगळं खापर त्याच्या माथी फोडलं आणि १७३८ मध्ये त्याला इथेच फाशी देऊन त्याचा मृतदेह लोखंडी पिंजऱ्यात टांगला. आज शहराच्या मध्यात त्याच्या नावाचा एक चौक आहे. नाझी प्रचारखात्याने या माणसाचा बलात्कारी, कारस्थानी राक्षस केला. दिग्दर्शक फाइट हार्लान आणि कॅमेऱ्यामागे मोंडी.

प्रचारपट म्हणजे आरडाओरडा, भाषणं, झेंडे, अशी आपली समजूत असते. ‘यूड झ्यूस’ तसा नाही, आणि म्हणूनच तो पचवणं जड जातं. तो चांगला बनवला आहे. त्यातल्या एका जागेबद्दल जरा सविस्तर सांगते. ड्यूकला दरबारात नर्तकींचा ताफा हवा आहे, विधिमंडळ पैसे देत नाही. झ्यूस येतो आणि टेबलावर सोन्याची नाणी ओततो. कॅमेरा त्या लखलखत्या राशीवर आहे. बघता बघता नाणी विरघळतात, आणि त्याच चमकत्या गोलांच्या जागी गिरक्या घेणाऱ्या नर्तकींचे घागरे येतात. एका शब्दाचाही संवाद नाही. पैसा आला आणि त्यामागून बाई आली, ज्यू आला म्हणजे दोन्ही विकाऊ झालं, एवढं सगळं प्रेक्षकाच्या डोक्यात उतरून जातं आणि आपल्याला काही पटवलं गेलं याचा त्याला पत्ताही लागत नाही.

हा डिझॉल्व्ह आपोआप होत नाही. एक दृश्य मावळताना दुसरं त्याच्यावर उगवायचं, तर दोन्हीकडच्या उजळ जागा एकमेकींवर बसाव्या लागतात. नाण्यांवर उजेड कुठून पडतो, घागऱ्यांच्या कडा किती उजळ ठेवायच्या, वरून घेतलेल्या शॉटची उंची किती, हे सगळं आधी ठरवून, मोजून करायचं काम. त्याआधी झ्यूस दाढी, झगा टाकून गुळगुळीत चेहऱ्याने श्टुटगार्टला पोचतो, तो बदलही असाच चेहऱ्यावर चेहरा विरघळवून दाखवलेला आहे: वरून सभ्य दिसतो, पण आत तोच, ओळखा. दिग्दर्शकाने कल्पना सुचवली असेल, प्रयोगशाळेने छापली असेल. पण ती नजरेला गोड वाटावी ही जबाबदारी कॅमेरामनची होती, आणि त्याने ती चोख बजावली.

सुमारे दोन कोटी लोकांनी तो पाहिला. हिमलरने एसएस या नाझी निमलष्करी दलातल्या आणि पोलिसांतल्या सगळ्यांना तो दाखवावा असा हुकूमच काढला. प्रार्थनेच्या दृश्यात उभे केलेले चेहरे प्रागमधल्या खऱ्या ज्यूंचे होते. त्यांना ‘नाही’ म्हणायची सोय नव्हती.

मोंडीचा जन्म १९०३ चा. मूकपटांच्या काळात धंद्यात शिरलेला, हाताखाली काम करत वर चढलेला कारागीर. १९३८ पासून हार्लानशी त्याची जोडी जमली आणि युद्ध संपेपर्यंत टिकली. याच काळात त्याने आणखी एक विद्या हस्तगत केली, ती म्हणजे रंग. जर्मनीची आग्फाकलर फिल्म अमेरिकेच्या टेक्निकलरपेक्षा वेगळी. टेक्निकलरला तीन पट्ट्या एकदम चालवणारा अजस्र कॅमेरा लागायचा. आग्फाचे तिन्ही रंगथर एकाच पट्टीवर, त्यामुळे नेहमीचा कॅमेरा चाले. पण ती फिल्म भलतीच मंद होती, तिला प्रकाश ओतावा लागे, आणि उजेडाची जात जरा बदलली की चेहरे आजारी दिसत. १९४२ चा ‘दी गोल्डने श्टाट’ हा जर्मनीतला दुसरा पूर्ण लांबीचा रंगीत कथापट, आणि तो मोंडीने चित्रित केला. प्राग त्यात इतकं सुरेख दिसतं की एका झेक माणसाच्या नादी लागून जर्मन मुलगी बरबाद होते, हा विखार सोनेरी उन्हात झाकून जातो. मग ‘इमेनझे’, मग ‘ओप्फरगांग’.

‘ओप्फरगांग’ सिनेमावेड्यांना फार आवडतो, आणि मलाही आवडला, हे लपवण्यात अर्थ नाही. पांढऱ्याफटक, पडदे ओढलेल्या घरात बसलेली पत्नी, आणि बाहेर समुद्रकाठी घोडा उधळणारी ती दुसरी. मरणाच्या दारातल्या बाईला दिसणारे भास मोंडीने असे काही धूसर हिरवट-निळ्यात रंगवलेत की त्या वेळी रंगीत फिल्मकडून इतकं काढून घेणारे लोक जगात हाताच्या बोटांवर मोजण्याइतके असतील. सालही लक्षात घ्या: १९४४ च्या डिसेंबरात हा चित्रपट लागला. ज्या शहरांत तो लागायचा त्या शहरांवर बॉम्ब पडत होते.

आणि शेवटी ‘कोलबेर्ग’. नेपोलियनच्या वेढ्यात अडकलेलं शहर शरण येत नाही, ही १८०७ मधली कथा. पैसा पाण्यासारखा ओतला. हार्लान नंतर सांगे, लाखावर सैनिक चित्रीकरणासाठी मिळाले होते आणि बर्फ दाखवायला मिठाच्या वाघिणी मागवल्या होत्या. हार्लानच्या आकड्यांवर फार विसंबू नये, पण उधळपट्टी झाली हे खरं. ३० जानेवारी १९४५ ला, फ्रान्सच्या किनाऱ्यावर वेढ्यात सापडलेल्या ला रोशेलच्या जर्मन फौजेसाठी, रिळं विमानातून पॅराशूटने टाकून पहिला खेळ केला. खरं कोलबेर्ग मार्चमध्ये पडलं.

मग सगळ्यांचे हिशेब झाले. म्हणजे काहींचे. झ्यूसचं काम करणारा फर्डिनांड मारियान १९४६ मध्ये मोटार अपघातात गेला. ड्यूक झालेला हाइनरिश गेओर्ग त्याच वर्षी साक्सनहाउझनच्या रशियन छावणीत मेला. हार्लानवर हॅम्बुर्गमध्ये मानवतेविरुद्धच्या गुन्ह्याचा खटला चालला. १९४९ मध्ये तो सुटला, वरच्या कोर्टाने निकाल फिरवला, १९५० मध्ये पुन्हा सुटला. गोबेल्सने जबरदस्तीने करवून घेतलं, हा त्याचा बचाव. त्याला सोडणारा न्यायाधीश वाल्टर टायरोल्फ नाझी काळात त्याच शहराच्या विशेष न्यायालयात सरकारी वकील होता आणि त्याने फाशीच्या शिक्षा मागितल्या होत्या. हा तपशील मी कादंबरीत वाचला असता तर लेखकाला म्हटलं असतं, जरा जास्तच झालं.

आणि मोंडी? हार्लान पहिल्यांदा सुटला त्याच वर्षी तो बर्लिनजवळच्या बाबेल्सबर्गमध्ये कॅमेरा लावून उभा होता. पूर्वीच्या उफा या चित्रपट कंपनीच्याच जागेत. फक्त फाटकावरची पाटी बदलली होती.

युद्धानंतर बाबेल्सबर्गचे स्टुडिओ सोव्हिएत ताब्यातल्या भागात गेले. आग्फाची फिल्म बनवणारा वोल्फेनचा कारखानाही तिकडेच. १७ मे १९४६ ला डेफा ही नवी संस्था उभी राहिली. नाझीवाद लोकांच्या मनातून काढायचा, हा तिचा जाहीर हेतू. पण चित्रपट काढायचे तर दिवे कसे लावायचे हे माहीत असलेली माणसं लागतात, आणि ती सगळी जुन्या बाजारातलीच होती. डेफाचा पहिलाच चित्रपट, भग्न बर्लिनमध्ये उभा केलेला ‘मारेकरी आपल्यातच आहेत’, वोल्फगांग श्टाउटेने दिग्दर्शित केला. हा श्टाउटे ‘यूड झ्यूस’मध्ये एका छोट्या कामात दिसतो. त्याच्या कॅमेऱ्यावरच्या दोघांपैकी फ्रीडल बेन-ग्रुंड याने १९४१ मध्ये ‘इश क्लागे आन’ चित्रित केला होता. आजारी बायकोला विष देणारा डॉक्टर प्रेक्षकाला करुण, थोर वाटावा, म्हणजे अपंग-मनोरुग्णांच्या हत्येला जनमत अनुकूल होईल, यासाठी काढलेला तो चित्रपट. पाच वर्षांत तोच माणूस अपराधाच्या सावल्या भिंतीवर पाडत होता, आणि त्याही उत्तम पाडत होता.

मोंडीकडे डेफाने आधी ‘वोत्सेक’ (१९४७) दिला आणि मग श्टाउटेचा ‘रोटेशन’ (१९४९).

‘रोटेशन’ पाहताना मी दोनदा थांबवून मागे नेला. गोष्ट अशी. हान्स बेन्के हा छापखान्यातला यंत्रावरचा माणूस. बेकारीत पोळलेला, बायको-मुलाचं पोट भरावं एवढीच अपेक्षा. राजकारण त्याला नको असतं. नोकरी टिकावी म्हणून पक्षाचा सभासद होतो. ज्या रोटरी यंत्रावर तो काम करतो त्यावर नाझींचं मुखपत्र छापलं जातं. शेजारच्या ज्यू कुटुंबाला घेऊन जातात, हा काही करत नाही. वाईट माणूस नाहीच तो. यंत्र नीट चालवतो, बस. पुढे मेव्हण्याच्या सांगण्यावरून गुप्त पत्रकांसाठी एक बिघडलेलं यंत्र दुरुस्त करून देतो, तेव्हा त्याचा हिटलर युथमधला मुलगाच त्याची चुगली करतो. बेन्के तुरुंगात जातो.

छापखान्याच्या दृश्यांत मोंडीचा कॅमेरा यंत्राच्या इतका जवळ जातो की कागदाचा पट्टा नुसता वेगच होऊन जातो. आधी कागद, मग शाई, मग मजकूर, आणि या सगळ्याला वेढून लोखंड. बाजूला उभा माणूस, ज्याचं लक्ष मजकुराकडे नाही, रिळाच्या ताणाकडे आहे.

ही दृश्यं ‘यूड झ्यूस’च्या कॅमेरामनने घेतली आहेत. नऊ वर्षांनी. त्याला काही जाणवलं असेल का, हे मी किती वेळ घोळवत बसले होते! त्या सेटवर सगळ्यांना माहीत असणार. श्टाउटेला तर नक्कीच, त्याचा स्वतःचा हात दगडाखाली होता. बेन्केचं पात्र दोघांनाही परकं नव्हतं. गंमत अशी की डेफाच्या वरिष्ठांना यात वेगळंच खटकलं: युद्धाहून परतलेल्या मुलाचा गणवेश बाप जाळतो आणि ही तुझी शेवटची वर्दी असं म्हणतो, ते काढायला लावलं. नव्या राज्यालाही वर्द्या लागणार होत्या.

१९५० मध्ये डेफाचा पहिला रंगीत चित्रपट आला, ‘दास काल्टे हेर्त्स’. अर्थात मोंडीच. पूर्व जर्मनीत आग्फाकलरला त्याच्याइतकं ओळखणारं दुसरं कोण होतं? विल्हेल्म हाउफच्या लोककथेसारख्या गोष्टीतला गरीब कोळसेवाला श्रीमंतीसाठी आपलं हृदय देऊन छातीत दगड बसवून घेतो. हृदयं विकत घेणाऱ्या त्या आडदांड हॉलेंडर-मिशेलची भूमिका केली होती एर्विन गेशोनेक याने. गेशोनेक कम्युनिस्ट, नाझींच्या छळछावण्यांतून गेलेला. युद्धाच्या शेवटच्या दिवसांत कैद्यांनी भरलेली ‘काप आर्कोना’ ही बोट ल्युबेकच्या उपसागरात ब्रिटिश विमानांच्या माऱ्यात सापडली, हजारो बुडाले, वाचलेल्या काहीशे लोकांत तो होता. तर हा माणूस रंगभूषा करून उभा आहे आणि त्याच्या चेहऱ्यावर लाल उजेड किती पाडायचा ते मोंडी ठरवतो आहे. दुपारच्या जेवणाला ते एका टेबलावर बसत असतील का? बसत असतील. युद्धानंतरची जर्मनी अशीच उभी राहिली, दोन्ही बाजूंना.

थोडं आपल्याकडचं. मोंडीच्याच वयाचा, १९०३ मध्येच म्युनिकला जन्मलेला आणखी एक जर्मन कॅमेरामन होता, योझेफ विर्शिंग. तो जर्मन दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेनबरोबर १९२५ च्या ‘प्रेम संन्यास’साठी भारतात आला आणि पुढे हिमांशू रॉय यांच्या मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये रुजला. ज्या वर्षांत मोंडी हार्लानकडे वळत होता त्याच सुमारास विर्शिंग मालाडला ‘अछूत कन्या’साठी देविका राणी आणि अशोककुमार यांच्यावर दिवे लावत होता. १९३९ मध्ये इंग्रजांनी त्याला शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून स्थानबद्ध केलं. सुटल्यावर तो भारतातच राहिला, ‘महल’ केला, आणि ‘पाकिजा’ पुरा व्हायच्या आत १९६७ मध्ये मुंबईतच वारला. त्याला मोंडीच्या पुढ्यात आदर्श म्हणून ठेवायचा मोह होतो. पण विर्शिंगने नाझींना नकार दिला म्हणून तो स्वच्छ राहिला असं नाही. तो मालाडला होता, एवढंच. त्याच्याच गोटातला ऑस्टेन मुंबईत बसून नाझी पक्षाचा सभासद झाला होता. विर्शिंग बर्लिनमध्ये असता तर? ‘महल’मधल्या त्या झुलणाऱ्या सावल्या बघताना हा विचार मी मुद्दाम बाजूला सारते.

पन्नाशीच्या दशकात मोंडी पश्चिमेकडे गेला आणि तिथे त्याला ‘सिसी’ मिळाला. १९५५ हे ऑस्ट्रियाचं मोठं वर्ष. मे महिन्यात करार झाला, चार राष्ट्रांच्या फौजा परत निघाल्या, देश पुन्हा स्वतःचा झाला. डिसेंबरात ‘सिसी’ आला. लोकांना नेमकं हेच हवं होतं: असा राजा, असे गणवेश, असा जल्लोष, ज्यात १९३८ ची, म्हणजे हिटलरने ऑस्ट्रिया जर्मनीला जोडला त्याची, आठवण कुठेच येत नाही. मधली सगळी वर्षं उडवून थेट वॉल्ट्झच्या जमान्यात. आणि तो जमाना खरा वाटावा एवढा देखणा करायला आग्फाकलर कोळून प्यायलेला माणूस हवा होता. ‘ओप्फरगांग’मध्ये मरणाऱ्या बाईभोवती जो मऊ उजेड होता, तो इथे नवरीभोवती आहे. मी दोन्हीतली दृश्यं लागोपाठ लावून पाहिली. गालाच्या कडेने येणारा तो मागचा दिवा ओळखीचा वाटतो.

आजींना मी हे सांगितलं. त्यांनी सुया थांबवल्या नाहीत. “त्याचं काय, तो बिचारा कॅमेरामन,” म्हणाल्या, “सांगतील ते करणार.” मग जरा थांबून, “माझे वडील रेल्वेत होते.” पुढे त्या काही बोलल्या नाहीत, मीही विचारलं नाही.

‘सिसी’चा खरा समाचार घेतला तो पुढच्या पिढीने. कार्लहाइन्झ ब्योम, म्हणजे सिसीचा तो देखणा सम्राट फ्रान्झ योझेफ, याला दिग्दर्शक फासबिंडरने १९७४ मध्ये ‘मार्था’त घेतलं आणि बायकोला थंडपणे कोंडत, छळत नेणारा नवरा केला. कॅमेऱ्यावर मिखाएल बालहाउस, जन्म १९३५ चा. त्यात दोघांची पहिली नजरानजर होते तेव्हा कॅमेरा रुळांवरून त्यांच्याभोवती पूर्ण वर्तुळ घेतो, आणि ती दोघं त्याच वेळी स्वतःभोवती फिरतात. प्रेमात पडण्याचं दृश्य आहे, पण बघणाऱ्याला घेरी येते. बालहाउस पुढे हॉलिवूडला गेला, स्कोर्सेसीबरोबर सात चित्रपट केले, फिरता कॅमेरा ही त्याची ओळख झाली. आम्हाला या सौंदर्यावर भरवसा नाही, हे ‘मार्था’मधल्या त्या फेरीत जेवढं स्पष्ट ऐकू येतं, तेवढं त्या काळच्या कुठल्या जाहीरनाम्यात येत नाही.

मोंडी १९९१ मध्ये वारला. भिंत उभी राहिलेली आणि पडलेली, दोन्ही त्याच्या हयातीत झालं.

मला त्याला कोर्टात उभं करायचं नाही. टायरोल्फसारख्यांच्या कोर्टात तर मुळीच नाही. आजींचं म्हणणंही मला उडवून लावता येत नाही, पगारावरचा माणूस किती नाही म्हणणार. पण मला त्याला एक धंद्यातला प्रश्न विचारायचा होता. नाण्यांवरून नर्तकींवर जाणारा तो डिझॉल्व्ह पसंत पडेपर्यंत त्याने किती वेळा करून पाहिला? पहिल्या खेपेला जमलं ते पुरे, असं म्हणून दिवे विझवता आले असते. जबरदस्ती असेल तर तेवढंच करतो माणूस. पडद्यावर जे दिसतं ते तसं वाटत नाही. घागऱ्याची कड नाण्याच्या कडेवर अगदी काटेकोर बसली आहे.